तलवार गुरूच्याच हातात

काजिशिमा बेट,
२६ मे १९९६

चिरंजीव माकिओ,

आईचे आशीर्वाद. तू बरा असशील, रित्सुको बरी असेल, नात आता आईच्या खांद्याला लागली असेल. इकडे संत्र्याच्या बागा फुलल्यात. पत्राची सुरुवात हवापाण्यानं करायची असते असं हारुबो सांगतो, म्हणून हे. हवापाणी संपलं. आता कामाचं.

होय, हे पत्र हारुबोच लिहितोय. तुझा गुरू, ज्याच्याविषयी हे पत्र आहे, तोच. बरं दिसत नाही, ठाऊक आहे मला. पण मी होडीत जन्मले, होडीतच वाढले. शाळा किनाऱ्यावर होती आणि मासे शाळेच्याच वेळेला यायचे. अक्षरं राहिली ती राहिलीच. न्हाव्याची कानाए लिहून द्यायला तयार होती, पण तिच्या हातचं पत्र बोटीत चढायच्या आधी सगळ्या बेटाला तोंडपाठ होतं. हारुबोचं अक्षर बेटावर सगळ्यात चांगलं आहे म्हणतात. नॉर्वेहून आलेल्या माणसाचं अक्षर सगळ्यात चांगलं, ह्याची लाज बेटाला वाटत नाही, मग मला एकटीला कशाला वाटावी?

फक्त एक गोम आहे. हा माणूस भिडस्त. मी तिखट बोलले की हा त्यात साखर घालतो. म्हणून समोर बसून कागदावर नजर ठेवलीय. वाचता आलं नाही तरी ओळ वरून खाली कुठवर उतरली ते दिसतं की. मी भरभरून बोलले आणि ओळ मध्येच थांबली, की टोकते. आत्ताच टोकलं.

"काय गाळलंस?"

"काही नाही ताई, थोडक्यात लिहिलं."

"मी थोडक्यात बोलले का? मग? सगळं लिही. हे सुद्धा लिही."

तर ऐक. ओसाकाहून तुमच्या मुख्य तालमीचं पत्र आलं. जाड कागद, लाल शिक्का. हारुबोनंच मला वाचून दाखवलं, मासळीचा भाव वाचावा तसं. त्यात लिहिलंय की ऑक्टोबरात पूर्वजांच्या स्मृतिदिनाला जे प्रात्यक्षिक व्हायचं, त्यात काजिशिमाच्या हाल्वोर गुरुजींच्या, म्हणजे आपल्या हारुबोच्या, प्रदीर्घ सेवेचा गौरव म्हणून काठीची बाजू त्यांना देण्यात येत आहे. समोर तलवार घेऊन उपप्रमुख माकिओ उभे राहतील. त्यानंतर बेटावरच्या तालमीत शिकवायला शहरातून एक गुरू रविवाराआड येत जातील.

उपप्रमुख माकिओ म्हणजे तूच ना? की त्या नावाचा आणखी कोणी आहे तुमच्याकडे? असेल तर कळव, ह्या पत्रातलं सगळं मी त्याच्या नावावर करते.

गौरव म्हणे. ओसाकाला वाटलं असेल, बेटावरच्या कोळ्यांना काय कळतंय? काठी जिंकते, म्हाताऱ्याला जिंकायला दिलं, टाळ्या वाजवतील आणि घरी जातील. अरे, बातमी बंदरावर पोचली तेव्हा सुकट विकणारी ओताकी, जिला आपल्या नवऱ्याचं वय विचारावं लागतं, ती सुद्धा टोपली खाली ठेवून म्हणाली, "म्हणजे गुरुजींना घरी बसवलं की!" इथं सगळ्यांना कळतं.

तू आता मोठा माणूस झालास, विसरला असशील, म्हणून पहिल्यापासून सांगते.

आपल्या काठीच्या घराण्यात गुरूच्या हातात लाकडी तलवार असते आणि शिष्याच्या हातात काठी. तलवार खरा वार करते, आणि दर वेळी काठी जिंकते. म्हणजे गुरू रोज हरतो. सकाळी हरतो, संध्याकाळी हरतो, शेंबड्या पोराकडूनही हरतो. आणि असा हरतो की त्या पोराला वाटावं, जिंकलो ते आपल्या बळावर. तलवार हातात आहे तोवर तो गुरू. हातात काठी आली की तो शिष्य. एवढी साधी गोष्ट आहे.

आम्हाला तरी पहिल्यांदा कुठं ठाऊक होतं? गोदीवर पहारा करणारे म्हातारे कुनिमात्सु गुरुजी जाळ्यांच्या पडवीत शिकवायचे. हारुबो एका जहाजाच्या बिघडलेल्या इंजिनाबरोबर इथं आला, इंजिन दुरुस्त होऊन गेलं, हा गेला नाही. माझ्या माडीवर भाड्यानं राहिला आणि म्हाताऱ्याकडे काठी शिकायला लागला. आम्ही वर्षानुवर्षं बघत होतो: हा ताडासारखा उंच माणूस काठी घेऊन उभा, समोर वाकलेला म्हातारा तलवार घेऊन, आणि दर वेळी हा जिंकतोय. बेटाला केवढा अभिमान! आपला परदेशी कसा जिंकतो बघा! मग एक दिवस कुनिमात्सु गुरुजींनी तलवार त्याच्या हातात दिली आणि स्वतः भिंतीशी जाऊन बसले. दुसऱ्या दिवसापासून हा हरायला लागला. ज्याच्या त्याच्याकडून. तुझ्याकडून सुद्धा, आणि तू तेव्हा कमरेची नाडी बांधून घ्यायला माझ्याकडे धावत यायचास.

बेटावर सुतक पडलं. बायका म्हणाल्या, बिचाऱ्याला काहीतरी आतलं दुखणं जडलंय. कोणी अंडी आणून दिली, कोणी ऑक्टोपस घातलेला भात. मी आल्याचा काढा पाजला आणि म्हटलं, "किती मार खाशील रे? जा, म्हाताऱ्याच्या पाया पड आणि काठी परत माग." हा इतका हसला की काढा चटईवर सांडला. चटई मीच धुतली. मग त्यानं मला नीट समजावून सांगितलं, आणि मी विहिरीवर जाऊन बाकीच्यांना सांगितलं. तेव्हापासून ह्या बेटावर कोणी कोणाला "हरलास" म्हणून हिणवत नाही. दुसरं काहीतरी म्हणतो आम्ही, शब्दांची काही टंचाई नाही.

म्हणून काठी देऊन गौरव वगैरे तिकडे सांग. आमच्याकडे ह्याला हातातली तलवार काढून घेणं म्हणतात. आणि ती काढून घ्यायला पाठवलाय कोणाला? ज्याला हा माणूस रोज दोन वेळा हरून मोठा करत होता, त्याला.

आणि हो, तो रविवाराआडचा गुरू. वारा सुटला की बोट येत नाही, हे त्याला सांगितलंय का? आमची पोरं एक रविवार आड, मग वारा, मग तुमचे सण, असं करत महिन्यातून एकदा काठी धरतील. हारुबो पहाटे दार उघडतो. पाऊस असो, ताप असो. त्याच्या आईच्या मरणाची तार आली त्या दिवशी सुद्धा उघडलं होतं. त्या दिवशी तर तो फारच सुरेख हरला.

तुमच्या पत्रावर तो काय म्हणाला असेल, सांग बघू. "ठीक आहे" म्हणाला! घडी घातली, पाकिटात ठेवली, आणि तलवारीला तेल लावत बसला.

मी म्हटलं, "अरे, भांड ना!"

"ताई, घराण्याचा निर्णय आहे."

"घराणं म्हणजे माझा माकिओच ना? त्याचं ढुंगण मी धुतलंय. त्याच्या निर्णयाला काय घाबरायचं?"

हे लिहिताना ह्याचे कान लाल झालेत. लिही, लिही.

आता मला एकच कळत नाही. तुम्हाला हे सुचलं कुठून? इथून कोणीतरी तुझे कान भरले असणार. गुरुजींची डावी नजर मंदावली, वय झालं, कोणाला तरी लागेल, असं काहीबाही. माझा संशय पतपेढीतल्या त्या चष्मेवाल्यावर आहे. काठी धरतो ती छत्री धरल्यासारखी, आणि गप्पा मोठ्या. तो नसेल तर कोण होतं त्याचं नाव मला कळव. पुढचं मी बघते.

माझं मनगट बरं आहे. फोनवर सांगितलं तेच. बंदराच्या पायऱ्यांवर शेवाळ होतं, घसरले, हात टेकला. तुझ्या वडिलांनी त्या पायऱ्या बांधल्या तेव्हाच मी म्हटलं होतं, उतार चुकलाय. प्लास्टर लवकरच निघेल. मनगटाचं एवढंच. पुढं लिही.

पेन थांबलंय.

लिही म्हटलं ना.

आता चालू झालं. पण मी तर काहीच बोलत नाहीय.

माकिओ, हे मी माझं लिहितोय, तुझी आई सांगत नाहीय. ती पायऱ्यांवर पडली नाही. ती गेली कित्येक वर्षं माझी शिष्या आहे, तुला कळू द्यायचं नाही असं तिनं सगळ्या बेटाला बजावलंय. एप्रिलमध्ये तिच्यासमोर मी वार केला आणि डाव्या बाजूला तिचा हात मला दिसला नाही. पतपेढीतल्या गृहस्थांनी काही सांगितलेलं नाही. तुला फोन करणारा मीच होतो हे तिला माहीत नाही. तुला मी मनगटाचं सांगायचं टाळलं, फक्त डोळ्याचं सांगितलं. ते चुकलं. हाल्वोर.

मी म्हटलं, "काय लिहिलंस? वाच."

ह्या माणसाला एक खोटं बोलता येत नाही. वाचलं त्यानं. अडखळत वाचलं, पण सगळं वाचलं. मग मी चहा करायला उठले. एका हातानं चहा करायला वेळ लागतो, आणि आज तो वेळ मला हवा होता.

आता बसलेय. लिही हारुबो. आता हे तुम्हा दोघांना आहे, एकाच टपालात दोघांचं काम होईल.

पहिलं माकिओचं. होय, मी काठी शिकते. तुला वाटायचं आई तालीम झाडायला जाते. झाडते. झाडून झालं की केरसुणी ठेवते आणि काठी घेते. साठी उलटल्यावर सुरू केलं. आयुष्यभर वल्हं मारलेल्या बाईला ती काठी म्हणजे दातकोरणं वाटलं होतं. नंतर कळलं किती जड असते. तुला सांगितलं नाही, कारण तू मला जपायला लागला असतास. तू जपायला लागलास की काय होतं ते आता दिसतंच आहे.

दुसरं हारुबोचं. तोंडावर सांगते आणि तुझ्याच हातानं लिहून घेते. मनगट कोणाचं? माझं. मी तक्रार केली? नाही. मग तू कोणाच्या वतीनं फोन केलास?

हा म्हणतो, "ताई, मला तुमचा हात दिसला नाही. नुसता आवाज आला."

आला असेल. माझ्या हाडाचा होता, मलाही ऐकू आला. पण काठी माझ्या हातात होती ना? ह्या वयात ती जरा उशिरा उठली. पाच वर्षांपूर्वी तुझा वार तिथं पोचायच्या आत मी तुझ्या छातीशी असते. दोन म्हातारी माणसं होती, एकाचा डोळा आणि एकीचा हात, दोन्ही त्या सकाळी मागं पडले. त्यातला सगळा दोष तू एकट्यानं उचलून ओसाकाला फोन करतोस? एवढा हावरट कधीपासून झालास?

आणि त्यानंतर काय झालं, ते का नाही सांगितलंस फोनवर? मी सांगते. माकिओ, त्या दिवसानंतर ह्यानं शिकवणं थांबवलं. मुलांना नुसतं उभं राहायला, चालायला लावायचा. आणि मुलं यायच्या आधी एकटा आवारातल्या खांबासमोर तलवार घेऊन. कोंबडी दाण्याकडे बघते तशी मान तिरपी करून. एक पाऊल पुढं, थांब, मान वळव, परत. ज्यानं आयुष्यभर एक पाऊल कसं टाकायचं ते लोकांना शिकवलं, तो सत्तरीत स्वतः पहिल्यापासून पाऊल शिकत होता. मग एक दिवस कानाए काठी घेऊन त्याच्यासमोर जाऊन उभीच राहिली.

हा म्हणाला, "सरा बाजूला, लागेल."

ती म्हणाली, "आमच्या घरी रोज वस्तरा असतो गुरुजी, तुमचं लाकूडच आहे. मारा."

मारलं त्यानं. वार तिच्या कपाळाशी जिथं यायचा तिथंच आला आणि तिथंच थांबला. ती जिंकली. मग ओताकीचा मुलगा, मग तो छत्रीवाला सुद्धा. छत्रीवाल्याची मी माफी मागणार नाही, नुसता संशय घेतला होता. महिना झाला, पुन्हा कोणाला खरचटलेलं नाही. मान तिरपी असते, एवढंच. काही लोक तिरपी मान नसतानाही धड बघत नाहीत.

म्हणजे आम्ही सगळे त्याच्यासमोर उभे राहिलो. उभं राहायचं कोण उरलं?

हारुबो पेन खाली ठेवतोय. "हे त्याला लिहू नये," म्हणतो. "त्यानं माझं ऐकलं, माझ्याच सांगण्यावरून केलं, त्याचा काय दोष?"

सांगते काय दोष. तुझा फोन आला तेव्हा त्यानं पहिल्या बोटीनं यायला हवं होतं. येऊन म्हणायला हवं होतं, "बघू, मारा." त्याऐवजी त्यानं जाड कागद काढला. माकिओ, तुला भीती वाटली असेल तर तसं सांग. गुरूला दिसत नाही आणि वार खरा आहे, तिथं उभं राहायला कोणालाही भीती वाटेल. मला आजही वाटते. त्यात लाज नाही. पण भीतीला गौरवाच्या कागदात गुंडाळून लाल शिक्का मारून पाठवू नकोस. आणि "गुरूनंच सांगितलं" हेही सांगू नकोस. गुरू हरतो म्हणाला की त्याला हरू द्यायचं, हे तालमीत. बाहेर नव्हे.

तेव्हा नीट ऐक. ऑक्टोबरात काठी तू घ्यायची. मुख्य तालमीत, सगळ्यांच्या देखत, उपप्रमुखानं शिष्याच्या जागी उभं राहायचं आणि तलवार ह्याच्या हातात असेल. वार खरा येईल. तुझे मोठे लोक नको म्हणाले तर त्यांना सांग, आईनं बजावलंय. हसतील. हसू देत. त्यांच्यातल्या कितीजणांनी कोणासाठी कधी मनापासून हरून दाखवलंय, ते मी येऊन विचारीन, बोटीचं तिकीट मी काढलेलं आहे. आणि रविवाराआडच्या माणसाला सांग, घरी झोप. इथं गुरू आहे.

हारुबो विचारतोय, "आणि वार त्याला लागला तर?"

हे पण लिही. लागला तर लागला. माझं मनगट ह्या वयात जुळतंय. माकिओ, तुझं माझ्या आधी जुळेल.

पेन कागदावर टेकलंय आणि पुढं सरकत नाही. बाहेर कोणीतरी जाळी झटकतंय. ह्याला काय लिहायचंय ते लिहू दे.

आता विचारतो, "एक ओळ माझी लिहू का?" विचारलंस, बरं केलंस. लिही.

माकिओ, तुला दिलेला निरोप मी मागं घेतो. ऑक्टोबरला वेळ आहे, पण सराव लागेल, तेव्हा लवकर ये. दुसरा वार होताना तू माझ्या डावीकडे सरकतोस, ही तुझी लहानपणापासूनची खोड आहे. आता तिथं तू मला दिसणार नाहीस. उजवीकडे सरकायला शिकवीन. तलवार माझ्याकडे असेल. हाल्वोर.

वाचून दाखवलं त्यानं. ठीक आहे. बरंच कमी बोलतो, पण ठीक आहे.

माकिओ, घरी येशील तेव्हा मी आई आहे. भात वाढीन, अंथरूण घालीन, तू वाळलास म्हणून रित्सुकोला नावं ठेवीन. तालमीत मात्र मी तुझ्या कितीतरी खाली बसते. तू पहिला शिष्य, मी आत्ताआत्ताची. रीत अशी की थोरला शिष्य उठल्याशिवाय धाकट्यानं काठीला हात लावायचा नाही. ऑक्टोबरात गुरू तलवार घेऊन मध्ये येऊन उभा राहील, तेव्हा मी त्या रीतीनं गप्प बसून तुझ्याकडे बघत असेन. फार वेळ बघणार नाही. तू उठला नाहीस तर रीत मोडून मी उठेन.

तुझ्यामागून आलेली,
तुझी आई,
सोयो